नात्याचा रकाना

"अप्पा, तुमी माझे कोण लागता?"

बबिता दुकानाच्या पायरीवर उभी होती. केसांवर, भुवयांवर पीठ होतं. गिरणी तशीच चालू ठेवून आली असावी, कारण दोन गल्ल्या सोडून गिरणीचा आवाज येत होता.

अप्पा साखर मापत होते. "कोण म्हणजे? गावचा माणूस."

"सरकारात तर तुमी माझे चुलत सासरे हाव. मग लग्नात आहेर कसा न्हाई केला?"

दुकानातली दोन माणसं हसली. अप्पांनाही हसू आलं, पण बबिताचा चेहरा बघून ते थांबले. तिनं हातातला कागद गल्ल्यावर ठेवला. मी शनिवारची जिंतूरहून आलेली, आत जेवत होते. हात धुऊन बाहेर आले आणि कागद उचलला.

तहसील कार्यालयाचा आदेश होता. घरकुल योजनेचे एक लाख रुपये घेऊनही बबिता सुगत हिनं घर बांधलं नाही, म्हणून ही रक्कम जमीन महसुलाच्या थकबाकीप्रमाणे वसूल करावी. पंधरा दिवसांत भरणा न झाल्यास पिठाची गिरणी जप्त करून लिलाव. कारण म्हणून एक ओळ होती: नोटीस नातेवाइकामार्फत बजावूनही म्हणणे सादर केले नाही, सबब आरोप मान्य असल्याचे गृहीत धरण्यात येत आहे. नातेवाइकाचं नाव वीरुपाक्ष. नातं, चुलत सासरे.

वीरुपाक्ष म्हणजे माझे वडील.

आमच्या गावात सरकारी कागद घरोघर जात नाहीत, ते अप्पांच्या दुकानात येतात. कोतवाल सिताराम नोटिसांचा गठ्ठा घेऊन पायरीवर बसतो, चहा पितो आणि एकेक नाव वाचतो. अप्पा कार्यालयाच्या प्रतीवर सही करतात आणि कागद गल्ल्याशेजारच्या पत्र्याच्या डब्यात ठेवतात. ज्याचा तो मीठ-तेल न्यायला आला की सामानासोबत कागद त्याच्या हातात पडतो. वाचता येत नसेल त्याला अप्पा वाचून दाखवतात. अठ्ठावीस वर्षं हे असंच चाललंय. सितारामच्या आधी त्याचा चुलता कोतवाल होता, तोही असाच बसायचा. दिवसा माणसं रानात असतात आणि दुकानात सगळेच येतात, त्यामुळे यात काही वावगं आहे असं कुणालाच वाटलं नव्हतं. मलाही नाही. "माझ्या डब्यातून एकबी कागद हरवला न्हाई," असं अप्पा पाहुण्यांना सांगायचे, तेव्हा मला ते ऐकायला आवडायचं.

"नोटीस कधीची?" मी विचारलं.

"अकरा जानेवारीची," बबिता म्हणाली. "जानेवारीत मी कुठं व्हते, ताई? उसात. सांगलीकडं. आमी आलो पाडव्याच्या आधी चार दिवस."

"आलीस त्याच दिवशी दिला की तुला," अप्पा म्हणाले.

"दिला. म्हणणं मांडायची मुदत सात दिवसाची. ती जाऊन दोन महिने झालते. मी तुमाला इचारलं, अप्पा, आता काय करू? तुमी काय म्हणलात?"

अप्पांनी साखरेचं माप खाली ठेवलं.

"तुमी म्हणलात, घर उभं हाय की डोळ्यापुढं, कोण काय करतंय. म्हणून मी गप बसले. तुमी म्हणलात म्हणून."

तिचं घर खरंच उभं होतं. घोळ जागेचा होता. कागदावर जागा होती ओढ्याकाठची, तिच्या नवऱ्याच्या, सुगतच्या वडिलांची, जिथं दर पावसाळ्यात पाणी शिरायचं. तेव्हाच्या ग्रामसेवकानं तोंडी सांगितलं, वरच्या जागेत बांधा, मी कागद बदलून घेतो. बबितानं शाळेमागच्या वरच्या जागेत घर बांधलं. ग्रामसेवकाची बदली झाली आणि कागद तसाच राहिला. पुढं तपासणीला आलेल्या माणसानं कागदावरची जागा शोधली. तिथं सुगतच्या भावाच्या शेळ्या बांधलेल्या होत्या. त्यानं शेळ्यांचा फोटो काढला आणि बांधकाम नाही असं लिहिलं. मुदतीत कुणी एक वाक्य बोललं असतं तरी भागलं असतं.

"एक लाख माझ्याकडं न्हाईत," बबिता म्हणाली. आता तिचा आवाज खाली आला होता. "गिरणी गेली तर दिवाळीनंतर परत कोयता. माझी संघप्रिया आठवीला हाय. आजवर एक वर्ष तिनं सलग शाळा न्हाई केली. अर्धं वर्ष हितं, अर्धं उसाच्या फडात. गिरणी त्याच्यासाठीच घेतली, अप्पा. आमी हितं ऱ्हावं म्हणून."

ती गेल्यावर अप्पांनी गिऱ्हाइकाची साखर पुन्हा मापली. पहिली बरोबरच होती.

सोमवारी मी रजा टाकून बबितासोबत तालुक्याला गेले. मी जिंतूरच्या कनिष्ठ महाविद्यालयात भौतिकशास्त्र शिकवते. कायदा मला कळत नाही. पण कुठल्याही निष्कर्षाआधी मूळ नोंद बघायची, एवढं कळतं. आम्ही अर्ज करून फाइल बघायला मागितली. कारकून बाईंनी कुरकुर केली, मग काढून दिली.

बजावणीची प्रत मिळाली. खाली अप्पांची सही होती, पुढं नेहमीची वळणदार रेघ. सहीशेजारी नात्याचा रकाना होता आणि त्यात सितारामच्या अक्षरात "चुलत सासरे". त्याच गठ्ठ्यात आमच्या गावच्या त्या दिवसाच्या आणखी आठ बजावण्या होत्या. मी त्याही बघितल्या. सगळ्यांवर अप्पांची सही. नाती मात्र वेगळी: चुलते, मामा, आजे सासरे, मेहुणे. शेख कुटुंबाच्या कागदावर अप्पा मामू होते.

विद्यार्थी प्रयोग न करता जर्नलमध्ये मोजमापांची वाचनं लिहितात, ती मी लगेच ओळखते. खऱ्या वाचनात कुठंतरी खोट असते. ही नाती तशीच होती, कुठंही अडत नव्हती.

"असं का लिहितात?" मी विचारलं.

"नोटीस त्या माणसाला द्यायची, नसेल तर घरातल्या मोठ्या माणसाला," कारकून बाई म्हणाल्या. "नातं लिहिलं नाही तर बजावणी परत येते. मग परत कोतवालाला हेलपाटा. म्हणून लिहितात, मॅडम. सगळीकडेच लिहितात."

बबितानं प्रत हातात घेऊन त्या रकान्यावर बोट ठेवलं. "माझा रकाना हाय ह्यो," ती म्हणाली. "ह्यात मला कुणी इचारलं न्हाई."

आम्ही तिथंच बसून अर्ज लिहिला. नोटीस घेणारा माणूस अर्जदाराच्या कुटुंबातला नाही, अर्जदार त्या काळात गावात नव्हती, तिला म्हणणं मांडायची संधी मिळाली नाही, म्हणून आदेश रद्द करून तिचं ऐकावं. गुरुवारची पेशी मिळाली. सितारामला आणि अप्पांना हजर राहायला सांगितलं होतं.

बुधवारी संध्याकाळी सिताराम घरी आला. पायरीवर न बसता थेट ओसरीत आला. मला वाटलं, तो माझ्यावर चिडेल. त्यानं माझ्याकडं बघितलंही नाही.

"अप्पा, एक शब्द टाका," तो म्हणाला. "उसात असताना फोनवर सांगितलं व्हतं बबिताला, असं म्हणा. नोटीस आलीय, सात दिवसात ये, असं. बस्स. तुमच्या शब्दावर कोण शंका घेतंय?"

"आन् बबिताची गिरणी?" आई आतून म्हणाली.

"वैनी, तिचं घर उभं हाय, ती अपिलात सुटंल. मी न्हाई सुटायचो. खोटं नातं लिवलं म्हणून घरी बसवतेत मला. पाच गावं हायत माझ्याकडं. त्या दिवशी त्रेचाळीस नोटिसा व्हत्या, दोन दिवसात वाटा म्हणले. कशा वाटू? उडत जाऊ?"

"अपील करायला तिला परभणीला खेटे घालावे लागतेल," आई म्हणाली. "तवर गिरणी कुणाच्या दारात चालंल? तुझ्या?"

 सिताराम अप्पांकडं वळून म्हणाला, "अप्पा, तुमी नातं लिवताना बघायचात. एकदा तरी न्हाई म्हणलात का?"

अप्पांनी मान हलवली. "एकदाबी अडवलं न्हाई."

चहा झाला, पण तो प्यायला सिताराम थांबला नाही. अप्पा बराच वेळ ओसरीत बसून राहिले. त्यांनी मला काही विचारलं नाही आणि मीही काही सांगितलं नाही. सांगण्यासारखं होतं, पण ठरवायचं त्यांनी होतं.

गुरुवारी आम्ही चौघं एकाच गाडीनं गेलो: अप्पा, बबिता, सिताराम आणि मी. सिताराम मागच्या बाकावर बसला. अप्पांनी त्याचंही तिकीट काढलं.

तहसीलदार चाळिशीचे, कमी बोलणारे गृहस्थ होते. त्यांनी बजावणीची प्रत अप्पांपुढं सरकवली.

"सही तुमची?"

"माझीच."

"अर्जदार तुमची कोण?"

"कोणीच न्हाई, साहेब. मी लिंगायत, दुकानदार. ती बौद्धांच्या गल्लीतली, सुगतची बायको. एका गावचे, तेवढंच नातं."

"मग हे चुलत सासरे?"

"लिवलं सितारामनं. पण लिवताना मी बघितलं. आजच न्हाई, अठ्ठावीस वर्षं बघायलोय." अप्पा थांबले. "खरं सांगायचं तर मला बरं वाटायचं. सगळ्या गावाचा कोणीतरी लागतो, असं."

खोलीत कुणी हसलं नाही.

"म्हणजे सही खोटी म्हणायची?"

"सही खरी हाय, साहेब. तिच्या जागी सही करायचा हक मला नव्हता, एवढंच. तिनं बोलायचं व्हतं ते सात दिवस माझ्या डब्यात पडून गेले. ती आली, तिनं इचारलं, तवाबी मीच सांगितलं, काही करू नको. एवढं सगळं माझं चुकलंय. फोन केला न्हाई. तसं म्हणा म्हणून कुणी सांगितलं तरी मी म्हणणार न्हाई."

तहसीलदारांनी सितारामकडं बघितलं, मग पुन्हा अप्पांकडं. "तुमच्या या जबाबानं बाकीच्या आठ बजावण्याही अडचणीत येतील. कळतंय ना?"

"व्हय. त्याबी माझ्याच हायत."

प्रयोगशाळेत मी मुलांना पहिल्या दिवशी सांगते, चुकलेलं वाचन खोडरबरानं पुसायचं नाही. त्यावर एकच रेघ मारायची, खालचं दिसलं पाहिजे, शेजारी खरं वाचन लिहायचं आणि सही करायची. बहुतेक मुलं तरी पुसतातच, पान घाण दिसतं म्हणून. अप्पा अठ्ठावीस वर्षांच्या स्वच्छ पानावर उभ्या तालुक्यादेखत रेघ मारत होते. माझी मान ताठ झाली होती, हे मला नंतर मानेला रग लागली तेव्हा कळलं.

बबिता पुढं झाली. "साहेब, मी बोलू?"

"आज फक्त बजावणीचा प्रश्न आहे. घराचं आज नाही."

"घराचं न्हाई बोलत. घराची तारीख द्या, मी तवा बोलते. पण कागद माझ्या हातात द्या." तिनं सितारामकडं बोट केलं. "आन् सितारामभाऊचं. त्याच्यावर काही करायचं असंल तर त्याचंबी आधी ऐका. मला न ऐकता केलं तसं त्याला नका करू. त्रेचाळीस नोटिसा दोन दिवसात दिलत्या त्याला, म्हणं. त्या कुणी दिल्या, त्येबी इचारा."

सिताराम खाली फरशीकडं बघत होता. तहसीलदारांनी पेनाचं टोपण लावलं, परत काढलं.

"त्रेचाळीस?" त्यांनी कारकून बाईंना विचारलं.

"होय, साहेब. मार्चअखेर जवळ येत होती."

त्यांनी आदेश तिथंच सांगायला सुरुवात केली. बजावणी विधिवत झालेली नसल्यानं वसुलीचा आदेश रद्द. जप्ती थांबवावी. अर्जदाराला नव्यानं नोटीस देऊन, जागेची पाहणी करून, तिचं म्हणणं ऐकून निर्णय घ्यावा. त्या दिवशीच्या उरलेल्या आठही नोटिसा पुन्हा बजावाव्यात. कोतवालाकडून खुलासा मागवावा, मुदत सात दिवस.

बबिताला नोटीस तिथंच मिळाली. तिनं ती टेबलाशी उभ्यानं पहिल्या ओळीपासून शेवटच्या ओळीपर्यंत वाचली. दारात चार माणसं ताटकळत होती. शिपाई म्हणाला, "बाई, सही करा, घरी जाऊन वाचा." ती म्हणाली, "घरी वाचायची सवय मोडलीय आता." मग सही केली. तिच्यानंतर सितारामला त्याची नोटीस मिळाली. नात्याच्या रकान्यात काय लिहायचं, ते त्यानं कारकून बाईंना विचारलं.

"स्वतः," बाई म्हणाल्या. "स्वतः लिहा."

परतताना सिताराम अप्पांच्या शेजारी बसला. देवगाव फाट्यावर गाडी थांबली. तो उतरला आणि भजी घेऊन आला. "खा, मामू," तो अप्पांना म्हणाला, आणि अप्पा इतके हसले की मागच्या बाकावरची माणसं वळून बघायला लागली.

त्याचा खुलासा मी लिहून देऊ केला. त्यानं तो स्वतःच सांगितला, मी फक्त उतरवून घेतला. गावांची अंतरं, नोटिसांची संख्या, दिलेले दिवस. मी प्रत्येक आकडा त्याच्याकडून दोनदा विचारून घेतला. त्याला ताकीद मिळाली, नोकरी राहिली. एका दिवसात एका कोतवालाकडं पंधरापेक्षा जास्त नोटिसा देऊ नयेत, असा कार्यालयीन आदेश निघाला.

पाहणीला नवा अभियंता आला. बबितानं त्याला आधी ओढ्याकाठी नेलं, शेळ्या दाखवल्या, गोठ्याच्या भिंतीवर पुराच्या पाण्याची खूण दाखवली. मग वर शाळेमागं आणलं. तो टेप काढायच्या आधीच ती म्हणाली, "बावीस फूट सहा इंच, बारा फूट. आतून. दोनशे सत्तर चौरस फूट भरतंय. मोजा." त्यानं मोजलं. तेवढंच भरलं.

दुसऱ्या पेशीला मी नुसती मागं बसले. बबिता एकटी बोलली, अकरा मिनिटं. ग्रामसेवक कधी आला, काय म्हणाला, कुठल्या महिन्यात विटा आल्या, छपराचे पत्रे कुणाच्या ट्रॅक्टरमधून आले. एकदा तिला मध्येच थांबवून तहसीलदारांनी तारीख विचारली. ती म्हणाली, "तारीख ध्यानात न्हाई साहेब. न्हाई ते सांगत न्हाई." त्यांनी ते तसंच लिहून घेतलं. नवा आदेश नवरात्रात आला. बांधकाम पूर्ण आहे, जागेची नोंद दुरुस्त करावी, वसुली रद्द, राहिलेला शेवटचा हप्ता द्यावा.

दुकानातलं काम अप्पांनी सोडलं नाही. सिताराम अजून पायरीवर बसतो, चहा पितो, नावं वाचतो. अप्पा आता सही करत नाहीत. ज्याचं नाव निघेल त्याला ते हाक मारतात, कुणाला तरी पाठवून बोलावतात. फार लांब रानात असेल तर स्वतः गाडीवर सितारामला मागं बसवून नेतात. कागद ज्याचा त्याच्या हातात पडेपर्यंत हे दोघं बांधावर उभे राहतात. या कामात दुकान कधी तास-दोन तास बंद राहतं. आई त्यावर बोलते. अप्पा म्हणतात, "बोल, ऐकायलोय."

दिवाळी झाली आणि मुकादमाचा ट्रॅक्टर गल्लीत आला. मी सुट्टीला घरीच होते. दोन ट्रॉल्या भरल्या होत्या: भांडी, गोधड्या, कोंबड्या, माणसं. मुकादम किशनराव गिरणीपुढं थांबला.

"बबिता, एक कोयता कमी हाय, तुमी नवरा-बायको चला. पाडव्याला येशील माघारी."

"न्हाई, भाऊ."

"सरकारनं गिरणी न्ह्यायली व्हती म्हणं?"

"न्ह्यायली व्हती. मी बोलले." तिनं बटण दाबलं, गिरणी सुरू झाली, आणि पुढचं त्याला ऐकू गेलं नाही.

शाळा उघडली त्या सोमवारी मी पहाटेच्या गाडीनं निघणार होते. ती चुकली, म्हणून नऊच्या गाडीसाठी शाळेपुढच्या थांब्यावर उभी होते. आठवीच्या वर्गात हजेरी चालू होती. दिवाळीनंतर बाई नेहमीच्या सवयीनं काही नावं गाळत पुढं जातात, कारण ती मुलं उसाला गेलेली असतात. त्या संघप्रियाच्या नावावरून पुढं गेल्या. मागच्या बाकावरून आवाज आला, मोठा आणि अजिबात न घाबरलेला.

"बाई, माझं नाव राहिलं. मी हाय."